मुरघासाचं पिंप

मुरघास म्हणजे मक्याची कुट्टी. गूळपाणी शिंपडून, दाबून दाबून पिंपात भरायची आणि झाकण घट्ट लावून मुरू द्यायची. मधेच उघडली की हवा शिरते, बुरशी धरते, मग गाई तोंड लावत नाहीत. मिरजगावच्या आसपास दुधाचा धंदा करणाऱ्या वस्तीवर शेंबड्या पोरालाही हे ठाऊक. त्या दिवशी दारूबंदीच्या जीपमधून उतरलेल्या साहेबाला मात्र ठाऊक नव्हतं.

धार काढायची वेळ होती. आमच्या गोठ्यामागं हातभट्टीचं रसायन आहे, अशी कुणीतरी खबर दिलेली. निळी पिंपं, शेजारी काळ्या गुळाची ढेप आणि आंबूस वास. झालं, एवढ्यावर साहेबाचं ठरलं. ना पंच बोलावले, ना काही विचारलं. बरोबरच्या जवानाला म्हणाला, उघड. आमचे मालक, माझे घरधनी, पळत आले आणि दोन्ही हातांनी झाकण दाबून उभे राहिले. त्यांना बिचाऱ्यांना हवेची काळजी. साहेबाला वाटलं, माल लपवतोय.

काठी उजव्या हातावर बसली. हात निघेना तसा तो मारतच सुटला, त्याच हातावर. बोटं मोडल्याचा आवाज मी गोठ्याच्या दारातून ऐकला. मधे पडले तर केसाला धरून मला शेणात ढकललं. मालक खाली कोसळले, तशी एक लाथ त्यांच्या बरगडीत आणि एक पिंपाला. पिंप आडवं झालं. आतून काय निघालं? पिवळट कुट्टी. साहेबानं मूठभर उचलून हुंगली, टाकली, हात पँटला पुसले. खबर चुकीची होती म्हणाला आणि जीप गेली. हात झडोत मेल्याचे, असं मी तेव्हा ओरडले आणि आजही म्हणते.

दवाखाना झाला, पण बोटं वाकडी ती वाकडीच राहिली. मूठ मिटत नाही. ज्यांच्या हाताखाली मारकी गायसुद्धा गपगुमान उभी राहायची, ते आता बादली धरून बाजूला उभे राहतात, धार मी काढते. त्या दिवसाबद्दल ते अवाक्षर बोलेनात. तक्रार मीच केली. वकीलबाई म्हणाल्या, झडती घेता येते, माल जप्त करता येतो, अटकही करता येते. मारायचा अधिकार मात्र कायद्यानं कुणालाच दिलेला नाही. पण मालकांनी स्वतः जबाब दिला नाही तर तक्रारीत काही दम राहणार नाही. साहेबानं तर गोठेवालाच पाय घसरून पडला, असं लिहून दिलेलं. आणि मालकांचं एकच, जाऊ दे, खाकीशी वैर नको.

गाव भेटायला यायचं. जो तो म्हणायचा, दारू नव्हतीच की, उगं मारलं. ऐकून ऐकून माझं डोकं फिरायचं. असती तर मारलेलं चाललं असतं का?

ओढ्यापलीकडं खरा भट्टीवाला राहतो. त्याच्या दारूनं चार संसार नासवलेत, मी त्याच्याशी कधी धड बोलले नव्हते. तो एक दिवस आपणहून आला आणि त्यानं बाही वर केली. कोपर वाकडं जुळलेलं. मारणारा हाच साहेब. मग गप का बसलास, मी विचारलं.

"वैनी, माज्याकडं दारू सापडली हुती. मला कोन इचारतंय?"

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. म्हटलं, सापडली तर दारू न्यावी, तुला न्यावं, हात कशापायी मोडावा? माझ्या तक्रारीची चौकशी लागलीय, तिथं चल.

चौकशीला आला, धुतलेला सदरा घालून. मालकांनाही मी बळंच नेलं होतं. चौकशीच्या मोठ्या साहेबांनी आधी त्यालाच दरडावलं, तुझ्यावर गुन्हा आहे ना?

"हाय की. त्याच्या तारखेला मी जातो," तो म्हणाला आणि वाकडा हात त्यानं टेबलावर ठेवला. "ह्याची तारीख कवा हाय, साहेब?"

मालक त्या कोपराकडं बघत राहिले. मग त्यांनी आपला हात उचलून त्याच्या हाताशेजारी ठेवला. त्या दिवसाबद्दल ते पहिल्यांदाच बोलले.

"हवा शिरंल म्हनून झाकण धरलं हुतं, साहेब."