सर्वात मोठं रेस्ट हाऊस

आमच्या चुलत सासऱ्यांइतका उत्तम यजमान यवतमाळ जिल्ह्यात दुसरा सापडणार नाही, आणि त्यांच्याइतका वाईट पाहुणा उभ्या भारतात. पहिल्या गोष्टीची साक्ष द्यायला तीन-चार निवृत्त कलेक्टर सहज पुढे येतील. दुसरीची साक्ष मी देतो. माझी बायको त्यांना काका म्हणायची, म्हणून मीही काकाच म्हणतो. वणीकडच्या एका सरकारी विश्रामगृहात ते छत्तीस वर्षं खानसामा होते. त्याला विश्रामगृह फक्त पाटीवर म्हणत. काकांसकट सगळ्यांसाठी ते रेस्ट हाऊस. काकांच्या मते जगात दोनच प्रकारच्या इमारती असतात: रेस्ट हाऊस, आणि जिचं थोडक्यात रेस्ट हाऊस व्हायचं राहून गेलं ती.

ते आमच्याकडे दिवाळीला आले की सकाळी मला माझ्याच घरात चहा आयता मिळे. मी ग्रंथपाल माणूस. खुर्चीतून उठून कपाटापर्यंत जायचं, पुस्तक काढायचं आणि परत येऊन बसायचं, एवढीच माझी हालचाल. पण तेवढ्यात मागे पंखा बंद झालेला असे, उशी झटकलेली असे आणि अर्धा राहिलेला चहा उचललेला असे. रिकाम्या खोलीत चालणारा पंखा त्यांना कुणी रडत असल्यासारखा ऐकू येतो. स्वतःच्या खोलीतही दारावर दोन टिचक्या मारल्याशिवाय ते जात नाहीत. "काका, आत कोणी नाही," मी एकदा म्हणालो. "मंग टिचकी कोनाले लागून राह्यली? माराले काय जाते?" ते म्हणाले. सोफ्यावर मात्र ते बसत नाहीत. सोफ्यामागे उभे राहतात, पाठीवर एक हात ठेवून, जणू सोफ्यावर कुणी बसलं आहे आणि त्याला आत्ता पाणी लागणार आहे.

त्यांचं उजव्या हाताचं पहिलं बोट हे एक स्वतंत्र खातं आहे. राजूरच्या खाणींचा कोळसा वाऱ्यावर यायचा आणि रेस्ट हाऊसच्या पांढऱ्या चादरींवर बसायचा. त्याच्याशी काका छत्तीस वर्षं लढले. त्यामुळे कुठेही गेले की ते बोट आधी टेबलाच्या कडेवरून फिरवतात, उजेडात धरून पाहतात आणि मग नमस्कार करतात. मी मुलगी पाहायला गेलो तेव्हा त्यांनी हे बोट माझ्या कोटाच्या बाहीवरून फिरवलं होतं. त्यानंतर माझ्यापुढे एक लांब वही आली. नाव, गाव, आल्याची वेळ, कामाचं स्वरूप. रेस्ट हाऊसमधली सवय त्यांनी घरीही लावून घेतली होती. मी घाबरत 'मुलगी पाहणे' असं लिहिलं. शेऱ्याच्या रकान्यात काय लिहावं ते सुचेना, तेव्हा पडद्याआडून आवाज आला, "काका, शेरा जातानी लिहितात. अजून पाह्यलंच कुठी त्यांनी?" पुढे माझी बायको झालेल्या बेबीचं मी ऐकलेलं ते पहिलं वाक्य.

बेबी त्यांच्या मोठ्या भावाची मुलगी. तिचे आईवडील लवकर गेले आणि रेस्ट हाऊसच्या मागच्या दोन खोल्यांत काकांनीच तिला वाढवलं. स्वतः लग्न केलं नाही. कारण विचारलं की म्हणतात, "बुकिंग फुल होतं." मात्र ह्या माणसाला पाहुणा करणं कुणालाच जमलं नाही. फुलसावंगीला एका लग्नात त्यांना वरपक्षाकडून मानाचं बोलावणं होतं. शेला-नारळ देण्यासाठी लाउडस्पीकरवर तीनदा पुकारलं. काकांचा पत्ता नाही. शेवटी ते पंगतीत सापडले, वरणाची बादली घेऊन. वधूपित्याने त्यांना आचाऱ्याचा माणूस समजून दटावलं होतं, "अबे, इकडे भात कोन आननार?" काकांनी भात आणून वाढला, वर 'तूप?' असंही विचारलं. शेला त्यांनी तिथेच ग्लास पुसायला घेतला. जेवले सगळ्यांच्या शेवटी, चुलीपाशी, उभ्याने. बेबी परतीच्या वाटेवर फणफणत होती, "तुमाले कोनी वाढलेलं गोड नाही लागत काय हो काका?" काका म्हणाले, "गोड लागते वो. पन मीठ कमी हाय असं मनता नाही येत ना मले. तक्रार पाहुन्यानं करा लागते. मी कायचा पाहुना?"

हे वाक्य बेबीने मनावर घेतलं. तिने ठरवलं, काकांना एकदा तरी पाहुणा करायचंच, आणि तेही साध्यासुध्या ठिकाणी नाही. राष्ट्रपती भवन लोकांना आतून पाहता येतं, गाइड हिंडवून दाखवतात, हे तिने कुठेतरी वाचलं होतं. "काका, देशातलं सगळ्यात मोठं रेस्ट हाऊस पाहाले चाला. तिथं तुमी काई करायचं नाही. पाहायचं. मंग बाहेर टेबलावर बसून जेवायचं, कोनी वाढीन ते. उठायचं नाही." काकांनी कबूल केलं, पण तारीख दरवेळी पुढे ढकलली. कधी कळंबच्या चिंतामणीला जायचं असे, कधी सांधे दुखत. एकदा तर बेबीने मोबाइलवरून आमच्या तिघांची वेळही घेऊन ठेवली. त्याच तारखेला तिला नागपूरच्या दवाखान्यात न्यावं लागलं. पुढचं सांगण्यासारखं फार नाही. मागचा पावसाळा संपताना ती गेली. शेवटच्या आठवड्यात तिने काकांना पुन्हा बजावलं होतं, "जेवून या. उभ्यानं नाही."

थंडीत एका सकाळी दारावर दोन टिचक्या पडल्या. काका उभे होते, अंगात एका बदलून गेलेल्या साहेबाने दिलेला काळा कोट, हातात पिशवी. पिशवीत स्वतःची चादर, साबण आणि डांबराच्या गोळ्या. "जावईबापू, पोरीचं एक काम राह्यलं," ते म्हणाले. मी तिच्या जाण्यानंतर घराबाहेर फारसा पडलो नव्हतो. पण काका दार उघडंच ठेवून आत शिरले आणि माझी बॅग भरू लागले. माझे शर्ट त्यांनी असे घडी केले की दिल्लीला जाऊन ते घालावेसे वाटेनात.

मी एकच अट घातली होती. राष्ट्रपती भवनात शिरल्यावर दोन्ही हात कोटाच्या खिशात. कुठे बोट फिरवायचं नाही, काही उचलायचं नाही. काकांनी ती अट इतकी काटेकोर पाळली की तपासणीच्या दारातल्या शिपायाला त्यांचे हात बाहेर काढायला लावण्यासाठी दोनदा सांगावं लागलं. त्याआधी आम्ही त्या प्रसिद्ध चढाच्या रस्त्याने वर येत होतो. दोन्ही बाजूंना लाल दगडांच्या दोन अवाढव्य सरकारी इमारती, घुमट, खांब, जाळ्या. काका थबकले. "हे स्टाफ क्वार्टर काय?" मी सांगितलं की इथून देशाचा कारभार चालत आला आहे. "तेच मनतो मी," काका म्हणाले, "मालक मंदात राह्यते आन काम करनारे बाजूले. बरोबर बांधलं."

आमच्या गटात पंधरा-वीस माणसं होती आणि गाइड म्हणून एक हसतमुख तरुण मुलगी. ती हिंदीतून सांगत होती, हा दगड कुठला, ते संगमरवर कुठलं. दरबार हॉलमध्ये तिने प्रचंड झुंबर दाखवलं आणि त्याचं वजन सांगितलं. सगळे 'ओहो' म्हणाले. काका म्हणाले, "मॅडम, इसको पुसते टाइम नीचे उतारते क्या शिडी लगाते?" ती गोंधळली. मग म्हणाली, हा प्रश्न तिला आजवर कुणी विचारला नव्हता, ती विचारून सांगेल. पुढच्या दालनात सगळं छत चित्रांनी रंगवलेलं होतं. शिकारीची चित्रं, घोडे, राजे. माणसं माना वर करून फिरत होती. एकटे काका मान खाली घालून गालिचा पाहत होते. मी हळूच म्हटलं, "काका, वर पाहा." "छताले कोन पाय लावते जावईबापू? घान खाली राह्यते. खाली साफ हाय म्हनजे घर साफ हाय." आमच्यातल्याच एकाच्या बुटाने गालिच्याचं टोक दुमडलं. काकांचे हात खिशात. ते शांतपणे तिथवर गेले आणि चपलेच्या टोकाने ते सरळ केलं. अट मोडली नव्हती. गाइडने पाहिलं आणि हसू दाबलं. तिथून पुढे, मी नीट पाहत होतो, ती दालनाची माहिती सांगून झाली की काकांकडे एकदा बघायची, पास की नापास ते कळावं म्हणून. काका डोळ्यांनीच पास करायचे.

मग आम्ही मेजवानीच्या दालनात आलो. शंभर माणसं बसतील असं लांबच लांब टेबल, भिंतीवर तसबिरी. गाइडने तसबिरींच्या वरचे लहान दिवे दाखवले. ती म्हणाली, मेजवानी चालू असताना वाढणाऱ्यांशी कुणी बोलत नाही. ह्या दिव्यांच्या खुणेवर त्यांना कळतं, आता वाढायला सुरुवात करायची, आता ताटं उचलायची. पाहुण्यांच्या लक्षातही येत नाही.

काकांचे दोन्ही हात खिशातून बाहेर आले. ते त्या दिव्यांकडे बघत राहिले. गट पुढे सरकला तरी ते हलले नाहीत. मी जवळ गेलो.

"आमच्यापाशी बत्ती नव्हती," ते म्हणाले. "आमच्यापाशी बेबी होती."

मला कळलं नाही.

"साहेब लोक जेवाले बसले का मी मांगच्या सैपाकघरात. तिथून टेबल दिसे नाही. मंग हे पोट्टी मंदातल्या दारात पुस्तक घेऊन बसे, अभ्यास करून राह्यली असं दाखवे. वेनी पुढं घेतली का समजायचं, वाढा. वेनी मांगं टाकली का, उचला. एका साहेबालेही कदी समजलं नाही बाप्पा. एक कमिशनर तं मने, खानसामा, तुले मनातलं कसं समजते?"

मी तिथेच उभा राहिलो. एकतीस वर्षं मी ती वेणी पाहिली होती. आमच्याकडे कुणी रेंगाळलं की बोलता बोलता बेबी वेणी मागे टाकायची आणि काका असले तर लगेच कपबशा उचलायला उठायचे. आजारपणात वेणी राहिली नाही. ती डोक्याला सुती ओढणी बांधायची. भेटायला आलेल्यांमुळे थकली की ओढणीचं टोक खांद्यावरून मागे टाकायची आणि काका दारापाशी जाऊन म्हणायचे, "चला हो, पोरीले झोपू द्या." मला वाटायचं, काका फार समजूतदार आहेत. आणि तिच्या हाताला उगीच चाळा आहे. इतकी पुस्तकं वाचणारा मी, माझ्याच जेवणाच्या टेबलावर चाललेलं हे बोलणं मला कधी वाचता आलं नव्हतं.

गाइड परत आली. "दादाजी क्या कह रहे हैं?" तिने मला विचारलं.

"कह रहे हैं, उनके यहाँ भी ऐसा ही इंतज़ाम था," मी म्हणालो. ती हसली. काकांनी मान डोलावली आणि ते दालनही पास झालं.

बाहेर पडल्यावर जेवायचं मोठं काम शिल्लक होतं. जवळच्या बाजारात एक साधी खानावळ मिळाली, चार खुर्च्यांची टेबलं आणि खांद्यावर फडकं टाकलेला एक वयस्क वाढपी. काका खुर्चीच्या अगदी कडेवर बसले, निम्मे बाहेर. बोट टेबलावरून फिरलं. त्यांनी ते उजेडात धरून पाहिलं. वाढपी ताटं घेऊन येताना दिसला आणि काकांच्या गुडघ्यांत हालचाल सुरू झाली. त्याच्या एका हातात दोन ताटं, दुसऱ्या हातात पाण्याचा जग. काकांनी टेबलावर तळवे टेकले, ते अर्धे उठलेसुद्धा. बेबीने त्यांना एका शब्दात बसवलं असतं. माझ्या गळ्यात मफलर होता. त्याचं एक टोक पाठीवर होतं. मी ते हळूच खांद्यावरून पुढे घेतलं आणि छातीवर सोडलं. म्हणजे वाढा; पण आज वाढणारा दुसरा होता.

काका तसेच थांबले. माझ्याकडे नाही, मफलरच्या टोकाकडे पाहिलं त्यांनी. मग खाली बसले, ह्या वेळी पूर्ण, पाठ टेकवून. वाढप्याने ताट ठेवलं, पाणी ओतलं, गरम रोटी घातली. काकांनी दोन्ही हात मांडीवर ठेवून ते सगळं होऊ दिलं. पहिला घास घेतला, सावकाश चावला. मी माझ्या ताटाला हात लावला नव्हता.

"भाजीत मीठ कमी हाय," काका म्हणाले.

वाढपी मिठाची बशी आणायला धावला. काकांनी मीठ घेतलं, दुसरी रोटी घेतली, तिसरीला नको म्हणाले आणि आग्रह झाल्यावर ती पण घेतली. डोळे पुसायला त्यांनी कोटाची बाही वापरली, जे काम त्यांनी कुठल्याही साहेबाला माफ केलं नसतं.

ताटं रिकामी झाली. वाढपी दोनदा येऊन आमच्याकडे पाहून गेला. काकांनी एकदा माझ्या मफलरकडे पाहिलं. मला ते टोक मागे टाकता आलं असतं, ती खूणही मला आता माहीत होती. पण बेबीने ठरवलेलं हे जेवण संपलं असं सांगणारा मी नव्हतो. मी टोक तसंच पुढे राहू दिलं, आणि आम्ही दोघे पाहुणे खरकट्या ताटांपुढे बराच वेळ बसून राहिलो.