आत्याचं बिचारं सरकार

सरकारला न घाबरणारी माणसं पुष्कळ असतील, पण सरकारची मनापासून कीव करणारं माणूस मी एकच पाहिलं, ते म्हणजे माझी थोरली आत्या. राजापूर तालुक्यातल्या समुद्राकाठच्या एका गावात ती सरपंच आहे. जागा बाईमाणसासाठी राखीव निघाली, तेव्हा उभी राहायला ती एकटीच तयार होती. गावातली तरणी माणसं मुंबईला, काही आखातात. मागे उरली ती म्हातारी आणि दारांना लावलेली कुलपं. पण हे सरकारला कुणी सांगितलेलंच नाही, असं आत्याचं ठाम मत. "कैक वर्षं घरी न आलेल्या लेकासारखं आहे गो ते. त्याला वाटतं, घर अजून भरलेलंच आहे." म्हणूनच तरुणांच्या व्यायामासाठी लोखंडी यंत्रं गावात येऊन पडली, तेव्हा ती रागावली नाही. तिने त्यांवर गोधड्या वाळत घातल्या. "एवढ्या हौसेने पाठवलंय, वापरलं नाही तर वाईट वाटेल बिचाऱ्याला."

मुलं नाहीत म्हणून गावची शाळाही बंद झाली. पुढे वरच्या वाडीतली एक म्हातारी घरात पडली आणि दिवसभर कुणाला कळलंच नाही. म्हातारी वाचली, पण आत्याची झोप उडाली. शाळेच्या रिकाम्या खोलीत म्हाताऱ्यांना एकत्र बसता यावं, आठवड्यातून एकदा नर्सबाई यावी, एवढंच तिचं मागणं. तालुक्याचे साहेब आले. आधी सोलकढी पाजल्याशिवाय आत्या कुठल्याच साहेबाशी कामाचं बोलत नाही. पेला रिकामा करून साहेब म्हणाले, "आजी, शाळेची इमारत अशी देणं नियमात बसत नाही." आत्याने पेला पुन्हा भरला. "मग नियमाला जरा सरकून घ्यायला सांगा साहेब, म्हणजे आम्हीही बसू." साहेब खूप हसले. काम मात्र तिथेच राहिलं.

मग विधानसभेची निवडणूक आली. देवळासमोर उमेदवाराने माइक धरला आणि गर्जना केली, "माझ्या तरुण मित्रांनो!" समोर नुसत्या काठ्या आणि कानटोप्या. आत्या उठली. "बाळा, तुझे तरुण मित्र गणपतीला येतील. त्यांचा निरोप माझ्यापाशी ठेव. आता आमच्याशी बोल, मतं आम्हीच देणार आहोत." उमेदवार गोरामोरा झाला. पण माणूस बरा असावा. माइक ठेवून तो खाली म्हाताऱ्यांत येऊन बसला आणि पडलेल्या म्हातारीची हकिगत त्याने नीट ऐकून घेतली. पुढे निवडून आला आणि नवल म्हणजे विसरला नाही. गावोगावी अशाच काठ्या दिसल्या असतील त्याला. खोलीला मंजुरी मिळाली.

उद्घाटनाला मी रत्नागिरीहून मुद्दाम गेले. नवा रंग, खुर्च्या, रक्तदाब तपासणाऱ्या नर्सबाई. फीत कापून आमदार गेले आणि आत्या कुठे दिसेना. शोधलं, तर मागच्या पडवीत एकटीच बसलेली. ती याच शाळेत शिकली होती.

"रंगाऱ्याने भिंतीवरची मुळाक्षरं पुसली गो," ती म्हणाली. "म्हाताऱ्यांना ती कशाला हवीत, म्हणाला. खरंच आहे त्याचं."

"पण आत्या, तू मागितलंस ते मिळालं की."

"मिळालं ना." तिने अंगणाकडे पाहिलं. "शाळाच परत द्या, असं ओठांवर आलं होतं बायो माझ्या. नाही बोलले. सरकार हो म्हणालं असतं, तर मुलं कुठून आणली असती मी?"

आतून नर्सबाईंनी तिला हाक मारली. पदराने डोळे टिपून ती उठली आणि म्हाताऱ्यांच्या रांगेत जाऊन बसली.