लूमवरचा आवाज

गोडादऱ्यातल्या आमच्या खेळघराचं कुलूप मीच उघडतो, मीच लावतो. पोरं सांभाळते मीनाताई. पोरं रोज काहीबाही किस्से टाकून जातात. संध्याकाळी झाडायला घेतलं का खेळण्यांपेक्षा तेच जास्त निघतात.

◆

माझा आवाज मोठा. वीस वर्षं कापडाच्या कारखान्यात लूमवर काढली. तिथं हळू बोललं तर शेजारच्यालाबी ऐकू जात नाही. पहिल्याच दिवशी एक पोरगा चप्पल घालून आत आला, मी ओरडलो. बाकीची सातबी पोरं चपला उचलून पळाली! मीनाताई म्हणली, "नामदेवभाऊ, इथं मशीन चालू नाही."

◆

पोरं घरी बघतात तेच खेळतात. एकदा चार पोरींनी ओढणी पसरली, म्हणे ही साडी. बाहुल्यांना तिच्यावर टिकल्या चिकटवायला बसवलं, घरी आया मजुरीवर करतात तसं. एक बाहुली तेवढी भिंतीकडं तोंड करून ठेवलेली. हिनं काय केलं, मी विचारलं.

"ती शाळेत जायचं म्हणते."

◆

सोनी मात्र खेळायचीच नाही. सहा वर्षांची पोर. दाराजवळ बसून नुसती बाहेर बघायची. बाप पिऊन येतो, मारतो, सगळ्या गल्लीला माहीत. एकदा दोन पोरं भांडली, मी बोंबललो, आन ही टेबलाखाली शिरली. आई येईपर्यंत निघाली नाही. मंग आठ दिवस आलीच नाही.

मीनाताई रागावली असती तर बरं झालं असतं.

◆

मंग मी घरी हळू बोलायची प्रॅक्टिस सुरू केली. बायकोनं कपाळाला हात लावून पाहिला, ताप आहे का म्हणून.

◆

सोनी परत आली. पुन्हा दाराजवळच.

आमच्याकडं नियम आहे, खेळात पोरं सांगतील ते मोठ्यांनी करायचं. परवा दुपारी सोनीनं भातुकली मांडली. पहिल्यांदाच. आन बोलावलं कोणाला, तर मला. म्हणे, काका, तुम्ही पप्पा व्हा.

मी हळूच विचारलं, पप्पानं काय करायचं?

तिनं सतरंजी दाखवली.

"झोपून जा. तुम्ही झोपले का मी खेळते."

मी आडवा झालो, डोळे मिटले. बाहेर एक टेम्पोवाला दारातच गाडी लावून हॉर्न दाबत बसला होता. दाबू दिला. थोड्या वेळानं उशाशी भांडी वाजायला लागली.