शुभाबाईंचा हात

परदेशात, यिशुनला मुलाकडे राहताना, एकाहत्तराव्या वर्षी, मी रविवारच्या अक्षरवर्गात जाऊ लागले. तेथे शिकवणाऱ्या शुभाबाईंची ओळख झाली. त्या विद्यापीठात स्नायूंवर संशोधन करतात.

माझा हात धरून अक्षर गिरवून घेताना त्या म्हणत, "आजी, पेन्सिल आहे, पाटा-वरवंटा नाही. एकेक मज्जातंतू स्नायूच्या काही धाग्यांना जागं करतो. पेन्सिलीला थोडेच मज्जातंतू पुरतात. तांदळाची पिशवी उचलायला पुष्कळ लागतात."

महिनाभर त्यांच्या अंगठ्याखालचे मांस आपोआप फडफडत आहे. मागच्या रविवारी खडू दोनदा गळून पडला.

"मज्जातंतू मरत असावेत, आजी. आता खडूलाही उरलेले सगळे लागतात."

आज त्यांनी रुग्णालयाचा तपासणीच्या संमतीचा कागद माझ्यापुढे ठेवला. त्यावर त्यांना सही करायची होती.

"आजी, माझा हात धरून गिरवून घ्या."