खोकल्यावर सुटणारी गाडी

आता समारंभांत माझी ओळख करून देताना लोक ‘नृत्यरचनेतल्या आणि नृत्यशिक्षणातल्या ज्येष्ठ’ असं काहीतरी म्हणतात. मी शाल सावरत, चेहऱ्यावर जमेल तेवढा विनय आणून ऐकून घेते. एका समीक्षकानं तर लिहिलं होतं, की माझ्या रचनांमधला दणकट पदन्यास मराठवाड्याच्या काळ्या मातीतून आला आहे. वाचून फार बरं वाटलं. खरं एवढंच आहे, की आमच्या ढोलकवाल्या उस्तादांना पोरींची पावलं ऐकू यायची नाहीत.

नाच मी शिकले पुण्याला, मामाकडे, लग्नाआधीच्या एका उन्हाळ्यात. शेजारच्या बंगल्यात एक बाई नव्या तऱ्हेचं नृत्य शिकवायच्या. त्यात देवादिकांच्या कथा नव्हत्या की डोळ्यांचे विभ्रम नव्हते. रोजच्या जगण्यातल्या हालचाली घ्यायच्या आणि त्यांतून नाच उभा करायचा. मी हरखून गेले. माझे हात मात्र कणीक मळल्यासारखे हलायचे, आणि मान वळवायला गेलं की खांदे आधी वळायचे. उन्हाळा संपताना त्या बाई म्हणाल्या, “तुझं नाचणं राहू दे. पण बघतेस मात्र छान.” दुसरी एखादी रडली असती. मी ते प्रशस्तिपत्रक समजले, आणि लग्न होऊन निजामाच्या राज्यात औरंगाबादला आले, ती मनानं नृत्यशिक्षिका होऊनच आले.

आमचे हे कचेरीत कारकून होते. माझा बेत ऐकून म्हणाले, “तुला नाचता येतं, हे मुलगी दाखवायच्या वेळी कुणी बोललं नाही.”

“येत नाहीच मुळी,” मी म्हटलं. “म्हणून तर शिकवणार आहे.”

यावर ते काही बोलले नाहीत. पुढं संसारभर त्यांनी हेच धोरण ठेवलं, आणि आमचं चांगलं चाललं.

मुलींच्या शाळेत मला घेतलं होतं शिवणकामाला. काजं करा, तुरपाई घाला, उसवा, पुन्हा घाला. मुलींना कंटाळा यायचा आणि मला त्यांच्याहून जास्त. मुख्याध्यापिका हैदराबादच्या होत्या. मुली त्यांना बडी उस्तानी म्हणायच्या. कडक होत्या, पण मी एखाद्या गोष्टीच्या मागं लागले की समोरच्या माणसाला हो म्हणण्यावाचून सुटका नसते. त्यांनी मला गुरुवारचा शेवटचा तास दिला, आणि सोबत अटी दिल्या. त्याला नाच म्हणायचं नाही. वेळापत्रकात ‘वर्जिश’ लिहायचं, म्हणजे व्यायाम. पायात घुंगरू नकोत, शरीफ घरच्या मुली आहेत. आणि आत पुरुष येता कामा नये.

पण ठेक्याशिवाय नाच उभा राहीना. टाळ्या वाजवून माझे तळहात सुजले. ढोलक वाजवणारी बाई शहरात मिळेना, म्हणजे जिथं मिळाली असती तिथं मला कुणी जाऊ दिलं नसतं. शेवटी खुलताबादच्या दर्ग्यात कव्वालांच्या मागं आयुष्यभर ढोलक वाजवलेले एक म्हातारे उस्ताद सापडले. शहरात लेकीकडे राहायचे. बडी उस्तानींनी यावर पुष्कळ विचार केला आणि दालनाच्या कोपऱ्यात दोरी बांधून एक जाड सतरंजी आडवी टांगली. उस्ताद मागच्या दारानं येणार, सतरंजीआड बसणार, वाजवून मागच्या दारानं जाणार. मुली त्यांना दिसणार नाहीत आणि ते मुलींना.

अशी आमची कामाची पद्धत. जगात इतरत्र वादक नाचणाऱ्याकडे बघून वाजवतात. आमचे उस्ताद फरशीवरच्या पावलांचा आवाज ऐकून वाजवायचे. आता अनवाणी पोरींच्या पावलांचा आवाज तो किती येणार! सतरंजीमागून आरडाओरडा चालायचा, “ज़ोर से जी, ज़ोर से! चींट्यां चल रैं क्या उधर?” मग मी पोरींना म्हणायची, आपटा गं पाय. पोरी जीव खाऊन पाय आपटायच्या. खालच्या वर्गात छताची माती पडते अशी तक्रार आली. माझी सुप्रसिद्ध शैली जन्माला आली ती अशी.

माझं माहेर लासूर स्टेशनचं. लहानपणापासून छोट्या लाईनची गाडी बघत वाढले, त्यामुळं पहिली मोठी रचना मी तिच्यावर बसवली. बायका बोचकी घेऊन स्टेशनात येतात, जागेवरून भांडतात, लेकरांना दटावतात, आणि मधेच सगळ्या एकदम गप्प होतात. लांबून गाडीचा आवाज येतो का, म्हणून कान लावून उभ्या राहतात. कुणी हलत नाही. मग गाडी येते आणि एकच धांदल उडते. ते मधलं निश्चल उभं राहणं हा माझा अभिमानाचा विषय होता. असलं काही अख्ख्या संस्थानात कुणी केलं नसेल, अशी माझी खात्री होती. रात्री झोपेतसुद्धा मी स्वतःवर खूश असायची.

पहिल्याच तालमीत पोरी गप्प उभ्या राहिल्या, आणि सतरंजीमागं उस्तादांनी झकास शेवट वाजवला, पानाचा डबा उचलला आणि ते घरी निघाले. मी धावत मागच्या दाराशी गेले.

“उस्ताद, अजून संपलं नाही!”

“पाँव बंद हुए तो खतम हुआ ना जी?”

“त्या उभ्या आहेत.”

“खड़े हैं?” ते माझ्याकडे बघतच राहिले. “खड़े रैने कू ढोलक कायकू होना?”

प्रश्न रास्त होता, पण मला रास्त प्रश्नांचा फार राग येतो. मी त्यांना समजावलं, की थांबायचं, आणि मी खूण केली की लांबून गाडी आणायची. गाडी ते सुरेख आणायचे. तळहाताच्या कडेनं ढोलकावर असं काही घासायचे, की लासूरच्या अलीकडचं वळण डोळ्यांसमोर यायचं. पण खूण करायची कशी? मी सुचवलं, सतरंजीखालून सुतळी नेऊ आणि तुमच्या पायाच्या अंगठ्याला बांधू. पुढच्या गुरुवारी उस्ताद आलेच नाहीत. “मैं बैल हूँ क्या,” असा निरोप आला. मग टाळी? टाळी बडी उस्तानींना चालेना, त्यात म्हणे तमाशाचा वास येतो. शेवटी सगळ्यांना चालेल अशी सभ्य खूण मीच शोधून काढली. मी हळूच खोकायचं. खोकला आला की गाडी सोडायची.

तालमींत हे इतकं छान जमलं, की मी स्वतःच्या बुद्धीचं घरी दोनदा वर्णन केलं. हे मान हलवून जेवत राहिले.

तेवढ्यात गावात कुजबूज सुरू झाली, की शाळेत नवी उस्तानी पोरींना नाचवते. दोन मुलींचं येणं बंद झालं. बडी उस्तानींनी मला बोलावून सांगितलं, की वार्षिक जलशाला एका बड्या हाकिमांच्या, म्हणजे अंमलदारांच्या, बेगमसाहेबा येणार आहेत. त्यांनी बघून पसंत केलं, तर कुणाची बोलायची हिंमत होणार नाही आणि तास राहील. त्यांनी नाक मुरडलं, तर गुरुवारी पुन्हा काजं आणि तुरपाई. मी विनोद पुष्कळ करते, पण त्या तासाशिवाय मला त्या शहरात दुसरं काही नव्हतं. आठवडाभर मी त्या गुरुवारसाठी जगायची.

जलसा भर थंडीत आला. फक्त बायकांचा कार्यक्रम होता. दालन शालींनी आणि दुलयांनी भरून गेलं. पाहुण्यांना थंडी वाजू नये म्हणून बडी उस्तानींनी जागोजागी कोळशाच्या शेगड्या ठेवल्या, आणि दारं-खिडक्या लावून घेतल्या. कोळसा ओला होता. मी एका बाजूला बसले होते, पोरींकडे बघत, आणि धूर मला दिसत होता, पण त्याचा अर्थ काही माझ्या डोक्यात शिरला नाही.

पोरी आल्या, बोचकी आपटली, भांडण रंगलं. मागच्या रांगेत कुणीतरी खोकलं.

सतरंजीमागून गाडी सुटली.

भांडण अर्ध्यावर टाकून पोरींनी बोचकी उचलली आणि डब्यात चढल्या. गाडी आली की चढायचं, एवढं त्यांना मी पक्कं शिकवलं होतं. मी हातवारे करून त्यांना खाली उतरवलं. गाडी गेली. त्या पुन्हा भांडायला लागल्या, तोच डावीकडून दोन खोकले आले. उस्ताद जातीचे कलावंत. दोन खोकले म्हणजे दोन गाड्या, असं समजून त्यांनी एक जाणारी आणि एक येणारी वाजवली. पोरींना कुठल्या गाडीत चढावं कळेना. निम्म्या मनमाडकडे गेल्या, निम्म्या जालन्याकडे. स्टेशनमास्तर झालेली पोर हिरवी ओढणी हलवतच सुटली. प्रेक्षकांत हशा पिकला, आणि धुरात हसल्यावर माणूस खोकणारच. मग काय विचारता! गाडीमागून गाडी. अशी वाहतूक लासूरनं जन्मात पाहिली नसेल. शेवटी खुद्द बेगमसाहेबांना हसता हसता ठसका लागला, तो थांबेचना, आणि त्या ठसक्यावर उस्तादांनी जी मेल सोडली ती कुठंच थांबली नाही. पोरी धापा टाकत नुसत्या पळत होत्या. कान लावून उभं राहायची वेळ आलीच नाही. धरणीनं मला पोटात घेतलं असतं तर मी तिचे आभार मानले असते.

संपल्यावर मला बोलावणं आलं. बेगमसाहेबा रुमालानं डोळे टिपत होत्या. म्हणाल्या, या शहरात आल्यापासून इतक्या त्या हसल्या नव्हत्या. “उस्तानी, ये खाँसीवाली रेल हर साल होनी चाहिए. बिलकुल ऐसी ही.” मग बडी उस्तानींकडे वळून म्हणाल्या, की असा व्यायाम मुलींच्या तब्येतीला फार चांगला.

तास राहिला. बडी उस्तानींनी मला मिठी मारली आणि कानात विचारलं, “तो तुझा मधला भाग, त्या नुसत्या उभ्या राहतात तो, त्याची आता काही गरज आहे का?”

“छे,” मी म्हटलं. “काढूनच टाकते.” इतक्या चटकन म्हटलं, की माझं मलाच नवल वाटलं. तास मिळत असेल तर त्या दिवशी मी गाडीसुद्धा काढून टाकली असती.

पुढच्या तासाला मी पोरींना नवी रचना सांगितली. कोण कधी खोकणार, कुठली गाडी कुणाच्या खोकल्यावर, कोण मनमाडकडे पळणार. अपघात नीट तालासुरात बसवायचा तर मेहनत लागते. पोरी खिदळत होत्या. उस्तादही सतरंजीमागं खूश होते, कारण आता कुणी नुसतं उभं राहणार नव्हतं. मी सांगितलं, “आणि मधलं थांबणं आता नाही.”

त्यातली एक थोराड पोर हसायची थांबली. कडक पडद्याच्या घरातली होती. बंद छकड्यातून शाळेत यायची आणि बंद छकड्यातून परत जायची. म्हणाली, “फिर हम गाडी कब सुनेंगे, उस्तानी?”

“कुठली गाडी?”

“वोच. दूर से आती सो.”

“अगं, उस्ताद वाजवतात ना ती.”

“वो नै. उसके पैले की.”

मी बाकीच्यांकडे बघितलं. एकही हसत नव्हती. एक मराठी पोर हळूच म्हणाली, “व्हय बाई, येती ती. आमाला बी येती ऐकू.” मी त्या थोराड पोरीला विचारलं, तू आगगाडी बघितली आहेस का कधी. तिनं मान हलवली, नाही. मग ऐकतेस तरी काय?

“मालूम नै,” ती म्हणाली. “पर आती.”

इतके दिवस मी समजत होते, की ते उभं राहणं माझं आहे. माझी कल्पना, माझी करामत, आणि मोठ्या मनानं मी त्याचा त्याग केला आहे. मला विचारायलाही सुचलं नव्हतं, की त्या वेळी या पोरी काय करत असतात. बघतेस छान, म्हणे! मला राग आला, तो कुणावर काढावा ते कळेना.

शाळा सुटल्याचे टोल पडले. मी उस्तादांना म्हटलं, तुम्ही घरी जा. ते गेले. पोरींना म्हटलं, “राहा उभ्या.”

त्या उभ्या राहिल्या. फाटकाशी छकडेवाले एकेकीच्या घरचं नाव घेऊन हाका मारायला लागले. मग ओरडायला लागले. आत एकही पोर हलली नाही. मीही तिथंच, त्यांच्या रांगेत उभी राहिले.