सुट्टीच्या दिवशी झालेली मोजणी

हॉस्पिटलच्या चादरी धुणाऱ्या लाँड्रीवाल्या बाईंना सगळे मावशीच म्हणत. तोंडाचा पट्टा असा, की गिऱ्हाईक कपडे टाकायला यायचं आणि तासाभरानं सुटायचं. नवरा गेल्यावर त्यांनी आणि धाकट्या नणंदेनं धंदा सांभाळला. नणंद अगदी उलट. हिशोबापुरतं बोलायची, तेही हळू. दुकानामागचं मैदान सासऱ्यांनी घेतलेलं. तिथे खांबांना दोऱ्या ताणून दोघी चादरी वाळत घालत.

एका सकाळी भूसंपादन कार्यालयाची नोटीस आली. नणंदेनं चष्मा पुसून वाचली. बस डेपोसाठी मैदान घ्यायचं ठरत होतं. जागेचं वर्णन होतं, ‘रिकामी, वापरात नाही.’

“रिकामी?” मावशी ओली चादर हातात घेऊन तशाच उभ्या राहिल्या. “डोळे होते की बटणं?”

“वहिनी, मोजणीवाले आले तो आपला सुट्टीचा दिवस. दोऱ्यासुद्धा काढलेल्या होत्या.” नणंदेनं खालच्या ओळीवर बोट ठेवलं. “हरकत तीस दिवसांत लेखी द्यायची. मग समोर बोलावून म्हणणं ऐकतात. ऐकावंच लागतं त्यांना.”

“ऐकणार? मग जिंकलोच की आपण!”

“त्याचीच तर काळजी वाटते. ऐकणाऱ्या साहेबांना जेवायला तरी सोडा.”

अर्ज नणंदेनं लिहिला आणि शिक्क्याची पोच नीट जपून ठेवली. सुनावणीला दोघी इस्त्रीच्या कडक साड्या नेसून गेल्या. कारकून म्हणाला, “लेखी आलंय ना? सही करा आणि निघा.”

“सही करीन, पण बोलून झाल्यावर,” मावशी म्हणाल्या.

आतून साहेबांचा आवाज आला, “बरोबर आहे त्यांचं. पाठव आत.”

साहेबांनी फाईल उघडली. “हं, बोला.”

आणि आयुष्यात पहिल्यांदाच मावशींची दातखीळ बसली. पाठ केलेलं सगळं साफ पुसलं गेलं. त्यांनी पदराचं टोक पिळायला घेतलं. तेवढ्यात शेजारची खुर्ची सरकली. नणंद उठली होती.

“साहेब, रोज दोनशे चादरी त्या मैदानात वाळतात. हॉस्पिटलचं पत्र जोडलंय. तुम्ही एकदा या आणि बघा. फक्त सुट्टीचा दिवस सोडून.”

साहेब हसले, पण तारीख लिहून घेतली.

ठरल्या दिवशी वारा सुटला होता. साहेब मैदानात शिरले आणि पांढऱ्या चादरींत दिसेनासे झाले. “साहेब, कुठे आहात?” कारकून हाका मारत सुटला. एका फडफडत्या चादरीखालून उत्तर आलं, “या रिकाम्या जागेतून बाहेरची वाट कुठे आहे रे?” मावशी खांबाला धरून हसल्या.

साहेबांनी तिथेच अहवालात लिहिलं, ‘जागा पूर्ण वापरात.’ दोन महिन्यांनी निर्णय आला. डेपो पलीकडच्या सरकारी पडीक जागेवर सरकला. मावशींच्या मैदानाची फक्त कडेची पट्टी पदपथासाठी घेतली, तीही दोघींसमोर मोजून.

त्यानंतर त्याच रस्त्यावरचे एक सुतार त्यांना आलेली तशीच नोटीस घेऊन सल्ला विचारायला आले. मावशी तोंड उघडणार, तोच थांबल्या आणि आत वळून ओरडल्या, “ताई, चष्मा घेऊन या! आणि हो, शेवटची तारीख आधी बघा!”