दुरपता कोणाचं नाव?

हिवरखेडहून निघालो तेव्हा कापसाची गाडी इतकी भरली होती की माझ्या बायकोला, रुखमाला, वर बसवायला शिडी लागली. ती पोटुशी. तिचं माहेर उरलं नव्हतं, म्हणून बाळंतपण अमरावतीतच होणार होतं. माय वेशीपर्यंत आली अन् म्हणाली, "पोरगी झाली तर दुरपता ठेवजो. तुया आजीचं नाव."

भावांनो, तुम्ही पानमळा सांभाळत राहिलात अन् मी सातासमुद्रापलीकडच्या लढाईनं महागलेल्या कापसामागे गेलो. तिकडे म्हणे कापूस पिकेना, म्हणून अमरावतीत रस्त्यावर बैल मावेनात. मी बाजारात मापारी झालो. मारवाडी, मोगलाईतले, गुजराथेतले, सगळ्यांची बोली कानावर पडू लागली. "वजन बराबर है?" हे मीही सफाईनं म्हणायला शिकलो.

पोरगीच झाली. शेजारची खालाबी, पिंजाऱ्याची बायको, रोज रुखमाला शेकायला यायची. ठरलेलं नाव ऐकून तिचा हात थांबला.

"दूर पता? बेटी का पता दूर? ऐसा नाम मत रखो, बहू."

रुखमा घाबरली. "आपून आधीच गावापासून दूर. ही आनखी कुठं जाईन?" तिनं बारसं पुढं ढकललं.

मला मात्र वेगळीच खाज सुटली. जे नाव आम्ही लहानपणापासून घेत आलो, त्याचा अर्थ कोणी कधी विचारलाच नव्हता. अंबेच्या देवळातल्या पुराणिकांना गाठलं. ते हसले. "अहो, दुरपता म्हणजे द्रौपदी. द्रुपद राजाची मुलगी."

"म्हंजे बापाचंच नाव झालं. मग तिचं सोताचं?"

त्यांना प्रश्न आवडला असावा. "कृष्णा. वर्णानं सावळी होती म्हणून."

आपल्या रानाच्या मातीसारखी! मी खुशीत घरी आलो. रुखमानं ऐकून घेतलं अन् म्हणाली, "तिनं तर वनवास भोगला. मंग खालाबी काय खोटं बोलली?"

शब्द कळला होता, पण आजीला तो का दिला हे कुठं कळलं होतं? परतणाऱ्या गाड्यांबरोबर अकोटमार्गे हिवरखेड गाठलं. माय मळ्यात पानं खुडत होती.

"दुरपता? अरे, पायन्यातलं, बारशाचं नाव तिचं गंगू होतं!" ती म्हणाली. "दुरपता गावानं ठेवलं. दुकाळात बी दारातून कोनी उपाशी गेलं नाही. लोक म्हनत, इच्यापाशी दुरपतेची थाळी हाये, कधी सरतच नाही."

"हे तुले कोनं सांगतलं?"

"सांगाले कायले पायजे? मी नवी नवरी आली तवा घरात दोनच भाकरी होत्या. तिनं दोन्ही मले वाढल्या. आपलं जेवन झालं म्हने. खोटं होतं ते."

परत येऊन हे मी रुखमाला जसंच्या तसं सांगितलं. तिनं पोरीला पदराखाली घेतलं. मग उठून स्वतःच खालाबीकडे गेली. खालाबीनं थाळीची गोष्ट ऐकली अन् म्हणाली, "तो फिर यही रखो." पाळण्याची एक दोरी तिनंच धरली.

पुढं लढाई संपली, भाव कोसळला. कितीतरी लोक आपापल्या गावी परतले. मायनं बोलावलं, मीही परतायचं मनात धरून रुखमाला अन् दुरपतेला घेऊन हिवरखेडला आलो. चार दिवस ती मळ्यात मनसोक्त खेळली. पाचव्या दिवशी तिनं माझं धोतर ओढलं. "बा, आता घरी चाल ना."

मी तर माझ्या घरातच उभा होतो. मायनं ऐकलं, भाकरी फडक्यात बांधल्या अन् पोरीच्या हाती दिल्या.

"जाय," ती मला म्हणाली, "लेकीले तिच्या घरी ने."